डाव कोणाच्या हातात

परवा दुपारी तिनोला, म्हणजे फिलिपिन्समधला कोंबडीचा रस्सा, वाढायला घेतला आणि डाव पातेल्यातच घुटमळला. जेवायला आमच्या मजल्यावरची आते (मनिलात आपल्यापेक्षा मोठ्या बाईला सगळे आतेच म्हणतात), तिचा कॉलेजातला मुलगा, माझा नवरा आणि मी. कोंबडीला तंगड्या दोनच.

कोल्हापुरी डोळ्यांना तिनोला आधी पटतच नाही. हळद नाही, तिखट नाही, खोबऱ्याचं वाटण नाही. तेलावर आल्याच्या बारीक काड्या, लसूण, कांदा. त्यावर हाडांसकट कोंबडी. ती पांढरी पडली की थेट तुकड्यांवर पातिस, म्हणजे खारवलेल्या माशांचं पाणी. पातिस तापलेल्या पातेल्यात पडतं तेव्हा शेजारी काय म्हणतील असा वास सुटतो. इथे शेजारी काहीच म्हणत नाहीत, त्यांच्याकडेही तेच चाललेलं असतं. थोड्या वेळाने आलं त्या वासाला आपल्यात ओढून घेतं. मग तांदळाचं धुवण. पहिलं पाणी टाकायचं, दुसरं ठेवायचं, ते दुधट पाणी कोंबडीवर ओतायचं. साधं पाणी घातलं तर आतेला पहिल्या घोटात कळतं. मांस मऊ होत आलं की कच्च्या पपईच्या फोडी, आणि गॅस बंद करता करता मूठभर मिरचीचा पाला, नाहीतर शेवग्याचा. मी कुबाओच्या बाजारातून शेवग्याचाच आणते. मिरचीचा पालाही खातात हे मला इथे येऊन कळलं, आणि अजून त्याच्यावर माझा पुरता भरवसा नाही.

बाळंतिणीला शेवगा घातलेला तिनोला द्यायचा, दूध चांगलं येतं, असं आते सांगते. आमच्याकडे त्यासाठी अळिवाची खीर. कच्ची पपई मात्र गरोदर बाईच्या वाऱ्यालाही उभी राहू द्यायची नाही! दोन्हीकडच्या म्हाताऱ्यांना एका स्वयंपाकघरात बसवून ऐकायला हवं.

चव तशी ओळखीचीच निघाली. रविवारी घरी कोंबडी शिजायची तेव्हा वाटण पडायच्या आधी अळणी पाणी निघायचं. आलं, लसूण, हळद, मीठ, बास. आम्ही पोरं वाट्या घेऊन ओट्याशी उभी. आपण ज्याला अर्ध्या वाटेवरचं स्टेशन समजतो, तिथेच ही मंडळी सामानसुमान घेऊन उतरतात आणि खुशाल राहतात.

अळणी सगळ्यांना सारखं मिळायचं. तुकड्यांचं तसं नव्हतं. डाव आजीच्या हातात, आणि तिच्या निकालावर अपील नसे. एक तंगडी आजोबांना, एक भावाला. काका आले की भावाचीही जायची, तेव्हा मला मनातून फार बरं वाटायचं. मला पंख. आई शेवटी बसायची, तिच्या ताटात काय असायचं ते बघायला आम्ही थांबत नसू. आणि मान आजीची. त्यात त्यागबिग काही नव्हतं हो! एकदा आत्याने गमतीत मान स्वतःच्या ताटात ओढली, तर आजी दुपारभर तिच्याशी बोलली नाही. आजी मानेचा मणका न् मणका सुटा करायची, चोखायची, आणि ताटाच्या कडेला ओळीने मांडत जायची, मोठ्यापासून लहानापर्यंत. सगळ्यांचे हात धुऊन झाले तरी तिचं चाललेलं.

इथल्या पोरांना वाढपाचं हे राजकारण अभ्यासातच आहे. १९५६च्या कायद्याने, स्पॅनिश राजवटीवर टीका करणाऱ्या होसे रिझाल या इथल्या लेखकाचं लेखन शाळा-कॉलेजांत सक्तीचं केलं, त्यात १८८७ साली आलेली ‘नोली मे तान्जेरे’ ही कादंबरी. सुरुवातीलाच एक जेवणावळ आहे. सात वर्षं युरोपात राहून परतलेला तरुण इबारा, आणि पानाच्या मुख्य जागेवरून गोड बोलत एकमेकांना ढकलणारे दोन पाद्री. तिनोला येतो. त्यातला एक पाद्री वाढायला घेतो आणि दुसऱ्याच्या, फ्रान्सिस्कन पंथाच्या दामासोच्या वाट्याला येते नुसती मान आणि एक चिवट पंख, भोवती भोपळ्याच्या फोडी. बाकीचे तंगड्या खातायत, छातीचं मांस खातायत. हे निष्काळजीपणाने झालं की आणखी कशाने, ते रिझाल सांगत नाही. दामासो भोपळा चिरडतो, घोटभर रस्सा घेतो, चमचा आपटतो आणि ताटली ढकलून देतो. साम्राज्याविषयी जे लिहायचं ते पुढे पानंच्या पानं लिहिलंय, पण मला वाटतं अर्धं त्या ताटलीतच आलं. ३० डिसेंबर १८९६ला स्पॅनिश सरकारने रिझालला मनिलातच गोळ्या घातल्या. त्या जागी आता मोठी बाग आहे, सुट्टीला लोक डबे घेऊन येतात. तिथून जाताना मला आधी ती मान आठवते. बरं नव्हे हे, पण आठवते.

लग्नानंतर पहिल्यांदा माहेरी गेले, त्या रविवारी माझ्या ताटात तंगडी आली. अख्खी. दुसरी तंगडी आजी माझ्या नवऱ्याला वाढत होती. भाऊ खाली मान घालून पंख खात होता. इतकी वर्षं जिच्यावर डोळा ठेवला, ती तंगडी काही केल्या संपेना. या घरात पाहुण्यांना कसं वाढतात ते मला पाठ होतं ना.

तर परवा. तंगड्या मी आते आणि तिच्या मुलाला वाढल्या, दुसरं काय करणार? आतेने तिची उचलून मुलाच्या वाटीत टाकली, माझ्या हातातला डाव घेतला आणि पातेल्याचा तळ ढवळून मान शोधून काढली. मग पातिसमध्ये लाल मिरची चुरडून, पुढे ओढून बसली. आम्ही काय बोलत होतो तिकडे तिचं लक्ष नव्हतं.

रात्री वहिनीशी फोनवर बोलताना हे सगळं सांगितलं. आता डाव तिच्या हातात आहे. विचारलं, तुमच्याकडे कोणाला काय?

“आम्ही किलोभर नुसते लेगपीसच आणतो ताई,” ती म्हणाली. “भांडणच नको.”

“आणि मान?”

“मान होय? ती दुकानदार देतच नाही.”