पान नंबर कुठाय?

विकिपीडियाच्या लेखाला संदर्भ जोडायच्या खिडकीत आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक, टाकला. लेखक, प्रकाशक, वर्ष आपोआप भरलं गेलं. शेजारच्या ग्रंथपाल बाईंनी स्क्रीनकडे बघून एवढंच विचारलं, "पान नंबर कुठाय?"

एका परिषदेतल्या विकिपीडिया कार्यशाळेतला हा प्रश्न अजून डोक्यातून जात नाहीये. पान नंबरचा रकाना रिकामाच राहतो, हातानेच भरावा लागतो. चारशे पानी पुस्तकाचा नुसता हवाला देऊन वाचकाने शोधायचं तरी कुठे? शिवाय आवृत्ती बदलली की पानं सरकतात, म्हणून आवृत्तीही लिहायलाच हवी.

मराठी पुस्तकांचं तर आणखी अवघड. बाहेरच्या सूचीतून नाव बरेचदा रोमन लिपीत येतं, ते देवनागरीत करावं लागतं. आणि १९७० च्या आधीच्या आवृत्त्यांवर आयएसबीएन नसतोच. तिथे पुस्तक उघडून आतल्या शीर्षकपानामागचा मजकूर वाचणारा माणूसच लागतो. म्हणजे ग्रंथपाल!

ग्रंथपालांनी विकिपीडियावर एकेक संदर्भ जोडावा म्हणून २०१६ पासून 'एक ग्रंथपाल, एक संदर्भ' ही मोहीम दरवर्षी १५ जानेवारीपासून चालते. संपादन सारांशात, म्हणजे बदल जतन करताना लिहायच्या छोट्या टिपेत, मोहिमेचा हॅशटॅग टाकायचा, म्हणजे नोंद मोजली जाते.

तुमच्या गावच्या वाचनालयात आयएसबीएन नसलेली किती पुस्तकं आहेत?