आर्थर राउलीचे ४३४ गोल आणि बारा पाउंडांचा पगार

इंग्लिश फुटबॉल लीगमध्ये सर्वात जास्त गोल कोणाचे, असं विचारलं की बहुतेक जण डिक्सी डीन नाहीतर जिमी ग्रीव्ह्ज म्हणतात. खरं उत्तर आहे आर्थर राउली. ६१९ सामने आणि ४३४ गोल, तेही फक्त लीगचे, कप सामने वेगळे. वेस्ट ब्रॉमविच अल्बियनकडून २४ सामन्यांत ४, फुलहॅमकडून ५६ सामन्यांत २७, लेस्टर सिटीकडून ३०३ सामन्यांत २५१ आणि श्रूजबरी टाउनकडून २३६ सामन्यांत १५२. यातले पहिल्या, म्हणजे सर्वात वरच्या, डिव्हिजनमधले गोल पन्नासच्या आसपास. बाकी सगळे दुसऱ्या, तिसऱ्या आणि चौथ्या डिव्हिजनमधले. इंग्लंडच्या मुख्य संघाकडून तो एकदाही खेळला नाही.

एवढ्यावरून ‘खालच्या दर्जाच्या बचावापुढे कोणीही गोल करेल’ असा निष्कर्ष काढणाऱ्यांनी त्या काळचा पगार आधी बघावा. १९४७ मध्ये खेळाडूच्या पगाराची कमाल मर्यादा सीझनमध्ये आठवड्याला १२ पाउंड आणि उन्हाळ्यात १० पाउंड होती. १९५१ मध्ये ती १४ झाली, १९५३ मध्ये १५, १९५७ मध्ये १७ आणि १९५८ मध्ये २०. ही मर्यादा चारही डिव्हिजनना सारखीच. छोटे क्लब सगळ्यांना एवढा पगार देत नसत, पण संघातल्या मुख्य गोल करणाऱ्याला मात्र पूर्ण पगार मिळायचा. म्हणजे वरच्या डिव्हिजनमध्ये गेल्याने चांगल्या सेंटर फॉरवर्डच्या (आघाडीच्या मध्यभागी खेळणाऱ्याच्या) खिशात विशेष फरक पडत नव्हता. टॉमी लॉटन इंग्लंडचा सेंटर फॉरवर्ड असतानाच नोव्हेंबर १९४७ मध्ये चेल्सी सोडून तिसऱ्या डिव्हिजन दक्षिणमधल्या नॉट्स काउंटीत गेला, तो याच व्यवस्थेत. नॉट्स काउंटीने त्याच्यासाठी २०,००० पाउंड मोजले, पण ते चेल्सीला मिळाले. सही करताना खेळाडूच्या हातात पडायचे १० पाउंड.

दुसरी अडचण कराराची. करार एका वर्षाचा असे. सीझन संपला की क्लब कोणाला ठेवणार आणि कोणाला सोडणार याची यादी काढायचा. ‘ठेवलेल्या’ यादीत नाव असलं आणि खेळाडूने सही केली नाही, तर पगार बंद. शिवाय क्लबच्या परवानगीविना लीगमधल्या दुसऱ्या क्लबकडे जाता येत नसे. करार संपूनही माणूस क्लबच्याच ताब्यात. त्यामुळे कोण कुठल्या डिव्हिजनमध्ये खेळला यावरून त्याची लायकी ठरवणं मला चुकीचं वाटतं.

त्यात वर चढणंही अवघड. १९५८ पर्यंत तिसरी डिव्हिजन उत्तर आणि दक्षिण अशी विभागलेली होती आणि प्रत्येकीतून फक्त विजेता वर जायचा. सीझनला तीसेक गोल करूनही संघ दुसरा आला, तर पुढच्या वर्षी पुन्हा तीच मैदानं. १९५८ मध्ये दोन्ही भागांतल्या वरच्या निम्म्या संघांची नवी तिसरी डिव्हिजन आणि खालच्या निम्म्यांची चौथी डिव्हिजन झाली. तिसरीतून दोन आणि चौथीतून चार संघ वर जाऊ लागले.

मैदानावर तर कामच वेगळं होतं. नियमाप्रमाणे चेंडूचं वजन १४ ते १६ औंस, पण फक्त सामना सुरू होताना. कातडं पाणी पीत जायचं आणि दुसऱ्या हाफपर्यंत चेंडू चांगलाच जड व्हायचा. वर त्याचं तोंड बांधणारी लेस. हेडर लेसवर बसला तर कपाळ सोलायचं. अशा चेंडूला लांबून वेग द्यायचा तर आधाराचा पाय रोवून, मारणाऱ्या पायाचा घोटा ताठ ठेवून पायाच्या वरच्या भागाने मारावं लागे. चिखलात तो आधाराचा पाय सरकला की चेंडू जेमतेम घरंगळत गोलीपर्यंत जाई. राउलीचं नाव झालं ते डाव्या पायाच्या मारामुळे. अंग भारी, पळण्यात फार चपळ नव्हे, पण चेंडू डाव्या पायावर आला की पाय मागे नेणं जेमतेम आणि मार प्रचंड. त्यात बदली खेळाडू १९६५ पर्यंत नव्हतेच. गुडघा दुखावलेल्या फॉरवर्डला विंगवर उभं करून उरलेला सामना काढायचे. अशा दिवसांत वर्षानुवर्षं जवळपास प्रत्येक शनिवारी उभं राहणं हीच मोठी गोष्ट, आणि ६१९ या आकड्याची दखल फारच कमी घेतली जाते.

त्याचा सर्वात मोठा सीझन १९५६-५७. लेस्टरने १०९ गोल करून दुसरी डिव्हिजन जिंकली, त्यातले ४४ एकट्या राउलीचे. थोरला भाऊ जॅक तेव्हा प्लिमथ अर्गाइलचा खेळाडू-मॅनेजर होता. जॅक मँचेस्टर युनायटेडचा, १९४८ च्या एफए कप फायनलमध्ये दोन गोल करणारा, इंग्लंडसाठी खेळलेला. घरात नाव मोठं जॅकचं, लीगमधले गोल जास्त आर्थरचे.

१९५८ मध्ये बत्तिसाव्या वर्षी तो श्रूजबरीत खेळाडू-मॅनेजर म्हणून गेला. ही उतरती कळा नव्हती. पगाराची मर्यादा खेळाडूंना होती, मॅनेजरला नव्हती, आणि खेळणं थांबल्यावरचं कामही आधीच हातात आलं. चौथ्या डिव्हिजनच्या पहिल्याच सीझनमध्ये त्याने ३८ गोल केले आणि चौथ्या आलेल्या श्रूजबरीला वर नेलं. १९६०-६१ मध्ये, लीगमधल्या क्लबांच्या ‘लीग कप’ या बाद स्पर्धेच्या पहिल्याच वर्षी, हाच संघ एव्हर्टनला हरवून सेमीफायनलपर्यंत गेला. त्याच सीझनमध्ये त्याने डीनचा ३७९ गोलांचा विक्रम मोडला. डीनच्या ३७९ मध्येही ट्रॅनमिअरकडून तिसऱ्या डिव्हिजन उत्तरमध्ये केलेले २७ आणि नॉट्स काउंटीकडून ३ धरलेले आहेत. ते कोणी वगळत नाही.

जानेवारी १९६१ मध्ये पगाराची मर्यादा उठली आणि १९६३ मध्ये जॉर्ज ईस्टहॅम या खेळाडूच्या खटल्यात कोर्टाने खेळाडूला अडकवून ठेवण्याची पद्धत अन्यायकारक ठरवली. त्यानंतर भरपूर गोल करणाऱ्याला वर जायला पैशाचं कारण मिळालं आणि वाटही मोकळी झाली. दुसऱ्या-तिसऱ्या डिव्हिजनमध्ये दीड दशक काढणारा असा फॉरवर्ड हळूहळू दुर्मीळ होत गेला. राउली १९६५ पर्यंत खेळला. ४३४ चा आकडा अजून कोणी गाठलेला नाही.