रोप मिळेल का?

तुम्ही विचारलंत म्हणून पुन्हा सांगतो. नाही, सिंधुदुर्गातल्या हेवाळे-बांबर्डेच्या देवराईतल्या रानजायफळाचं रोप माझ्याकडे विकत मिळत नाही. ती २.५९ हेक्टर राई २०२१ साली जैवविविधता वारसा स्थळ झाली, तेव्हापासून मिरिस्टिका मॅग्निफिका हे त्याचं शास्त्रीय नाव लोक घोटून येतात. "दोडामार्गात राहता, नर्सरी आहे, मग हजारभर रोपं करायला काय होतं?"

काय होतं ते ऐका.

राईचा असा बोभाटा होण्याआधीची गोष्ट. गाऱ्हाणं घातलं, मग झाडाखाली पडलेल्या सतरा बिया मला उचलू दिल्या. देवाच्या राईतली काडीसुद्धा कोणी आणत नाही, म्हणून फार जपून वागलो. बिया पुसल्या, माजघरात वर्तमानपत्रावर पसरल्या, दोन आठवडे रोज उलटल्या. जायफळ वाळलं की कवचात खुळखुळतं, हे व्यापाऱ्याकडे शिकलो होतो. एके दिवशी त्या खुळखुळल्या. मी खूश! कागदी पाकिटात भरून वर तारीखही घातली.

पिशव्या भरून पेरल्या आणि वाट बघत बसलो. शेवटी एक बी उकरून फोडली. आत कोरडा, सुरकुतलेला गर. दुसरी तशीच. सतराव्यापर्यंत फोडत गेलो. आई मागे उभी होती. म्हणाली, "फणसाची आठळी सुकवन रुजता काय रे?"

हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. आठळी ओली लावतात हे पोरालाही कळतं. पण जायफळ म्हटलं की माझ्या डोक्यात मसाला होता, झाड नव्हतं.

आता तुमच्याबद्दल. तुमची जमीन कातळावर. या झाडाला पायाशी वाहतं पाणी लागतं; चिखलात तग धरायला ते खोडावरून टेकूसारखी मुळं खाली सोडतं. वरचा झरा पोफळीकडे वळवला की खाली राई कोरडी पडते. तिथे रोपं काय करणार? त्यात नर झाड वेगळं, मादी वेगळं. फुलेपर्यंत कळत नाही. तुम्ही एकच नेणार, गेटपाशी लावायला.

हे सगळं खरं आहे, आणि थोडी पळवाटही आहे. पूर्वी मी भांडायचो, की राईबाहेर हे झाड वाढवणं म्हणजे शोभा, राई राखा म्हणजे झालं. पण एका वादळात त्यातली चार झाडं आडवी झाली तर? तेव्हा माझ्याकडे उत्तर नव्हतं, आजही नाही.

पुढे पुन्हा परवानगी घेऊन ओल्याच बिया लावल्या. चार रोपं जगली. विहिरीचं पाणी उतू जातं तिथे, न्हाणीमागे आहेत. आई त्यांच्यावर राखण करते, गिऱ्हाईक तिकडे वळलं की म्हणते, "ती इकूची नायत."