अठ्ठेचाळीस मिनिटांचं भांडण

गेम बनवणाऱ्या एका लहान कंपनीत मी नियम लिहिते. जे जगात नाही, त्याचे नियम. ऑफिस रबाळ्याला एमआयडीसीत, खाली पत्रे कापायचं वर्कशॉप. आईला एवढंच माहीत आहे की मुलगी 'कॉम्प्युटरवर' असते.

वर्षभर मी एक शास्त्र रचत होते : कालनौकानयन. त्या जगात काळ पाण्यासारखा वाहतो, खलाशी त्यातून गलबतं हाकतात. भोवरा दिसला की नांगर टाकायचा, म्हणजे त्या गलबतापुरता काळ एक घटका थांबतो. घटका आपली जुनीच, २४ मिनिटांची. तळाला भोक असलेलं घटिकापात्र पाण्यात बुडायला लागतो तेवढा वेळ. अशा ६० घटकांचा दिवस. एकट्याने खेळताना सगळं झकास चालायचं आणि मी स्वतःवर बेहद्द खूश होते.

त्या शुक्रवारी पहिल्यांदाच चौघं एकत्र खेळायला बसली. पाऊण तासात आमची टेस्टर खुर्ची मागे सारून उठली. "ताई, हा बुडाला म्हणून मी बंदरात घंटा वाजवून आले. आणि हा इथे मासे विकतोय!"

झालं होतं असं, की त्या पोराने दोनदा नांगर टाकला होता. तो खेळातली ४८ मिनिटं मागे आणि बाकीचे पुढे. त्याचं बुडणं हिच्याकडे होऊन गेलेलं, त्याच्याकडे व्हायचं होतं. ते कळल्यावर तो कशाला बंदर सोडतोय? सर्व्हर बिचारा दोन्ही खरं मानून बसला होता. एकाने काळ थांबवला तर दुसऱ्याच्या काळाचं काय, हा प्रश्न मी स्वतःला वर्षभरात एकदाही विचारला नव्हता.

प्रोग्रामर म्हणाला, फरक हळूहळू पसरवून टाकू. पृथ्वीच्या फिरण्याशी जुळवायला घड्याळांत अधूनमधून एक जादा, लीप सेकंद घालतात ना, तसं. शेवटचा घातला तेव्हा आपल्याकडे १ जानेवारी २०१७ ची पहाट होती. ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर ६०वा सेकंद आला. काही कंपन्या तो एक सेकंद तासन्‌तास थोडा थोडा पसरवतात, कुणाला कळतही नाही. पण मला तेच नको होतं. नांगराची किंमत खेळणाऱ्याला कळायलाच हवी. मी म्हटलं, अधिक मास करू, उरलेलं साठवून एकदम फेडायचं. त्यावर तो म्हणाला, "मॅडम, साडेबत्तीस महिने कोण थांबणार?"

जेवणाच्या सुट्टीत टेस्टरला घरून फोन आला. ती ऐरोलीजवळच्या दिवा कोळीवाड्यातली. फोन ठेवून सहज बोलली, आज चतुर्थी, तीनला भरती. मी विचारलं, ॲपवर बघितलंस? "ॲप कशाला? तिथीची पाऊणपट करायची. चार पाऊणे तीन. अष्टमीला सहा. खाडीत थोडं मागेपुढे. पाणी रोज पाऊण तास उशिरा येतं, पण येतं. अडवलं तर दुसऱ्याच्या दारात शिरतं."

माझा घास हातातच राहिला.

दुपारभर बसून नियम नव्याने लिहिला. नांगराने काळ थांबत नाही, तुंबतो. तुंबलेला काळ बंदराच्या खात्यावर चढतो. अष्टमीच्या भांगाला, म्हणजे सगळ्यात छोट्या भरतीला, पाणी जेमतेम हलतं, तेव्हा नांगर स्वस्त. पुनवेला-अवसेला उधाण आलं की सगळा तुंबलेला काळ एकदम आत शिरतो आणि बंदरातल्या प्रत्येकाला एकाच वेळेवर आणून सोडतो, नांगर कुणीही टाकलेला असो. शेजाऱ्याच्या नांगराचे चटके आपल्याला बसणार. मग खेळणारे आपसात भांडतील, वाटाघाटी करतील. हे मला हवंच होतं. आणि बुडणं? उधाण येईपर्यंत ती नुसती अफवा. घंटा वाजवा खुशाल.

संध्याकाळी सात वाजता चौघं पुन्हा बसली. खेळातल्या अवसेला चारही गलबतांची घड्याळं जुळली, आणि मासे विकणारा बुडाला. त्याने मला मनापासून शिव्या घातल्या.

निघताना मेल बघितला तर टेस्टरने नवा बग टाकला होता : 'ओहोटीला होड्या तरंगतायत. चिखल कुठाय?' सोमवारपासून आर्टवाला चिखल काढतोय. तीनदा दाखवला, तिला अजून पटलेला नाही.