दाराआडची बाई

चित्रपटात मालकीणबाई दिवाणखान्यात रडू लागल्या की माझे लक्ष हमखास ट्रे घेऊन आत आलेल्या बाईकडे जाते. ही खोड जुनी आहे. लहानपणी नाटकाचा पडदा वर गेला की आधी फडके झटकणारा गडी दिसे, फोनवर बोलता बोलता तो घरातली सारी भानगड प्रेक्षकांना सांगून टाकी आणि नायक येताच विंगेत नाहीसा होई. मला मात्र उरलेला अंकभर तो आत काय करत असेल याचीच काळजी लागून राही.

परवा दुपारी फ्रेंच नाटककार-दिग्दर्शक साशा गित्रीचा ‘देझिरे’ (१९३७) हा चित्रपट पाहताना अभिनेत्री पोलीन कार्तों भेटली, ती याच खोडीमुळे. त्यात ती अदेल नावाची स्वयंपाकीण आहे, आर्लेती मोलकरीण आणि खुद्द गित्री नवा नोकर. स्वयंपाकघरात ही मंडळी मालकांविषयी बोलू लागली की बाहेरचे प्रेमप्रकरण फिके पडते.

१८८४ साली बिआरित्झला जन्मलेली ही बाई फ्रान्समध्ये बोलपट आले तेव्हा पंचेचाळिशीला पोहोचली होती. बोलपटाला बोलणारी माणसे हवी होती आणि ती रंगभूमीवर मुरलेली होती. फ्रेंच लेखक-दिग्दर्शक झां कॉक्तोने १९३० साली चित्रित केलेल्या ‘कवीचे रक्त’मध्ये ती एका लहान मुलाला चक्क उडायला शिकवते, तेही धाकदपटशाने. पुढे मात्र मोलकरणी, स्वयंपाकिणी आणि इमारतीच्या दाराशी बसून येणाऱ्याजाणाऱ्यांवर नजर ठेवणाऱ्या बायका हेच तिचे राज्य झाले. गित्रीने तिला पुनःपुन्हा बोलावले. १९३६ च्या एका चित्रपटात त्याने श्रेयनामावली लिहिलीच नाही. कलावंतांची ओळख स्वतःच्या आवाजात करून दिली, आणि त्यांत तीही होती. १९३४ साली, पन्नाशीत, एका संगीतिकेत खारफुटीखालच्या शृंगाराचे चावट द्वंद्वगीत तिने गायिले, ही गोष्ट मला विशेष आवडते.

त्याहून आवडते ती तिची राहणी. पडद्यावर जन्मभर दुसऱ्यांची घरे झाडणाऱ्या या बाईने स्वतःचे घर केलेच नाही. घरकाम नको म्हणून ती पॅरिसमध्ये वर्षानुवर्षे हॉटेलातल्या खोलीत राहिली. नव्वदीला टेकलेली असताना, १९७४ साली, ती गेली आणि देहही विज्ञानाला देऊन मोकळी झाली. अशा भूमिका किरकोळ असतात असे म्हणणाऱ्यांशी मी वाद घालत नाही. त्यांनी खुशाल नायिकेकडे पाहावे.