नाशिकची असून गाईड कशाला?

प्रश्न नेहमीचा आहे आणि विचारणाऱ्याचा सूरही नेहमीचाच. "अगं, तू नाशिकचीच ना? मग पैसे देऊन जुनं नाशिक बघायला कशाला जातेस?" पुण्याची मावसबहीण विचारते, सोसायटीतल्या काकू विचारतात, ऑफिसात तर हा चेष्टेचाच विषय आहे. तुम्हीही विचारलंत, म्हणून एकदा नीट सांगते.

नाशिकची आहे म्हणूनच जाते. आम्ही गंगापूर रोडची, म्हणजे नव्या वस्तीतली माणसं जुन्या नाशकात जातो ते कामाला. लग्न ठरलं की भांडीबाजार, सोनं घ्यायचं तर सराफबाजार, साड्यांना कापडपेठ आणि घरातलं कुणी गेलं की रामकुंड. कामाला गेलेला माणूस मान वर करून बघत नाही. रविवार कारंजाजवळ गाडी लावायला जागा मिळाली यातच त्याचा निम्मा दिवस सार्थकी लागतो. उरलेल्या निम्म्यात तो घासाघीस करतो, चिवडा घेतो आणि घरी येतो. गाईड एक साधी गोष्ट करतो, जी मी एकटीने कधीच केली नसती. तो भर रस्त्यात उभं करतो. मागून रिक्षावाला हॉर्न मारत असतो, बाजूने हातगाडी घासून जाते, आणि दहा-बारा माणसं एका भिंतीकडे बघत उभी असतात. लाज वाटते थोडी. पण त्या दोन मिनिटांत दिसतं.

आता दहीपूल घ्या. लहानपणापासून 'दहीपुलावर भेट' म्हणत आलो, पण पूल कुठाय हे कुणी विचारलं नाही. मला सगळ्यात आवडलेली गाईड जुन्या नाशकातच वाढलेली मुलगी आहे. तिने आम्हाला तिथे थांबवलं आणि म्हणाली, "ताई, तुम्ही आत्ता पुलावर उभ्या आहात." खालून सरस्वती नाला जातो. तो झाकला गेला, वर दुकानं आली, आणि पूल रस्त्याचाच भाग होऊन बसला. जोराचा पाऊस झाला की सराफबाजारात गोदावरीच्या आधी हा नाला पोचतो. पावसाळ्यात व्यापारी खालच्या कप्प्यातला माल वर का हलवतात, ते तिथे उभं राहिल्यावर कळलं. नकाशात बघून कळलं नसतं, कारण नकाशात रस्ता सपाट दिसतो. पायांना मात्र उतार लागतो. जुनं गाव टेकांवर वसलंय. जोगवाडा, डिंगरआळी, कोकणीपुरा, पठाणपुरा, सगळीकडे चढ-उतार. स्कूटरवरून जाताना हे जाणवत नाही, गुडघ्यांना बरोबर जाणवतं.

तिवंध्याला तिने पुन्हा असंच केलं. चौकाच्या मधोमध उभं केलं आणि पायाखाली बोट दाखवलं. रहाड. नाशिककरांना रहाड सांगायला नको, पण बाहेरच्यांसाठी सांगते. आमच्याकडे धुळवडीपेक्षा रंगपंचमी मोठी, आणि ती पेशवाईपासून चालत आलेल्या दगडी हौदांत खेळतात. हे हौद रस्त्याच्या पोटात आहेत. रंगपंचमी आली की वरची माती काढायची, लाकडी फळ्या उचलायच्या, हौद धुवायचा, पूजा करायची आणि फुलांपासून केलेला रंग कढवून आत ओतायचा. मग काठावरून उडी मारायची. तिला धप्पा म्हणतात. एका धप्प्यात समोरचा माणूस भिजलाच पाहिजे. सण झाला की पुन्हा फळ्या, पुन्हा माती, आणि दुसऱ्या दिवसापासून वरून टेम्पो चालू. वर्षाचे बाकी सगळे दिवस आपण त्यावरून जातो आणि खाली काय आहे याची आठवणही होत नाही. मला स्वतःला रहाड गर्दीत, रंगात आणि डीजेच्या आवाजातच माहीत होती. कोरड्या दिवशी, वर एक भाजीची गाडी उभी असताना ती 'बघणं' ही वेगळीच गंमत आहे. बघायला खरं तर काहीच नसतं.

तांबट लेनचं मात्र उलटं. तिथे बघायलाही आहे आणि ऐकायलाही. आवाज आधी येतो. आता ठोकणारे हात कमी झालेत, बरीच दुकानं तयार माल विकतात. पण एका दुकानाच्या ओट्यावर बसलेल्या तांबटाला आम्ही बराच वेळ बघितलं. मांडी घातलेली, समोर लोखंडी ऐरण, तिच्यावर तांब्याचा हंडा पालथा चढवलेला. उजव्या हाताने हातोडी एकाच उंचीवरून पडते आणि डावा हात हंडा सुताभर फिरवतो. हातोडी जागची हलतच नाही, हंडाच तिच्याखालून सरकतो. एक ठोका आधीच्या ठोक्याला जरा चाटून बसला पाहिजे, म्हणजे मठाराची, ठोक्यांच्या ठशांची, ओळ सलग येते. मला वाटायचं हे नक्षीसाठी. तर नाही. तांबं तापवलं की मऊ पडतं, आणि ठोकलं की कडक होतं. मठारलेला हंडा पोचे सहन करतो. त्याने ठोकणं न थांबवता एवढंच सांगितलं, "नुसतं चकचकीत पाहिजे असेल तर पलीकडच्या दुकानात मिळेल." आमच्यातल्या एकाने लगेच हंड्याची किंमत विचारली आणि ऐकून गप्प बसला.

वाड्यांबद्दल माझं मत जरा कडू आहे. असल्या फेऱ्यांत वाडा म्हणजे फोटोची जागा होऊन बसतो. कोरीव खांब, दिंडी दरवाजा, चौकातली तुळस, झाला क्लिक. पण हे वाडे रिकामे नाहीत. आत बिऱ्हाडं आहेत, दोऱ्यांवर कपडे वाळताहेत, कुणाचा तरी डबा भरला जातोय. एका वाड्याच्या दारात आमचा घोळका रेंगाळला, तर आतून आजी म्हणाल्या, "आत तरी या, नाहीतर पुढे तरी व्हा. उजेड अडतोय." मला ते फार पटलं. दर पावसाळ्यापूर्वी पालिकेच्या धोकादायक वाड्यांच्या नोटिसा निघतात, आणि दर पावसाळ्यात कुठली तरी भिंत बसते. मालक-भाडेकरू वाद, नाममात्र भाडं, वारसांची लांबलचक यादी आणि बांधायचं म्हटलं तर अरुंद गल्लीत पुरेसं बांधकाम मिळत नाही. हे सगळं त्या खांबाइतकंच जुन्या नाशिकचं आहे, आणि चांगला गाईड ते सांगतो. नुसतं 'पेशवेकालीन' म्हणून पुढे जात नाही.

तिळभांडेश्वर गल्लीत सावरकरांचं अभिनव भारत मंदिर आहे, तिथे सगळेच थांबतात. विजयानंद थिएटरशी कमी जण थांबतात. २१ डिसेंबर १९०९ ला तिथे 'शारदा' नाटकाचा प्रयोग होता, कलेक्टर जॅक्सनच्या निरोपाचा, आणि सतरा-अठरा वर्षांच्या अनंत कान्हेरेने त्याला गोळ्या घातल्या. जॅक्सन संस्कृतचा अभ्यासक होता, लोक त्याला पंडित म्हणत. दोन्ही वाक्यं एका दमात सांगणारा गाईड मिळाला तर त्याला धरून ठेवा.

काझीची गढी बहुतेक फेऱ्यांत नसते. मी आग्रह धरते, पण वर चढून नाही, नदीकडून खालून. नदीकाठी मातीचा उंच कडा आहे आणि त्याच्या अगदी काठाला घरं आहेत. डेक्कन कॉलेजच्या सांकलिया आणि देव यांनी १९५०-५१ मध्ये इथे उत्खनन केलं, तेव्हा या मातीच्या ढिगात ताम्रपाषाण काळापासूनच्या वस्तीचे थर सापडले. नाशिक दोन-अडीच हजार वर्षांहून जुनं आहे हे आपण पुराणाच्या भरवशावर सांगतो, त्याचा हाताला लागणारा पुरावा हा. आणि तो दर पावसाळ्यात थोडा थोडा ढासळतो, वरच्या माणसांच्या भिंतींसकट. इथे कुणी सेल्फी काढायला लागलं की मला राग येतो.

तिथून गंगेवर. (आम्ही गोदावरीला गंगाच म्हणतो.) नदीपात्रात उभी असलेली दुतोंड्या मारुतीची मूर्ती सगळ्यांना माहीत. धरणातून किती क्युसेक पाणी सोडलं हे प्रशासन सांगतं, आणि नाशिककर विचारतो, "मारुतीच्या कुठपर्यंत आलं?" गुडघ्याला, कमरेला, छातीला, यावरून कुणी दुकान आवरायचं ते ठरतं. पाणी डोक्यावरून गेलं की भांडीबाजार आणि सराफबाजाराने आशा सोडायची. सप्टेंबर २००८ मध्ये तसं झालं होतं. पलीकडच्या काठावर नारोशंकराचं देऊळ आहे, १७४७ चं, नारोशंकर राजेबहाद्दरांनी बांधलेलं. त्याच्या पुढच्या भिंतीवरची घंटा चिमाजी अप्पांनी १७३९ मध्ये वसई जिंकली तेव्हाच्या विजयाची खूण. पोर्तुगीज चर्चमधली घंटा शिवाच्या देवळावर टांगली गेली आणि पुढे पुराचं मापही झाली. घंटेला पाणी लागलं म्हणजे महापूर. अशी जागा मिळाली की गाईड हमखास पंधरा मिनिटं बोलतो, आणि बोलू द्यावं.

खरी परीक्षा काळारामाला होते. सरदार ओढेकरांनी बांधलं, दगड काळा, आवार मोठं, हे सगळं सांगून झाल्यावर गाईड काय करतो ते मी बघते. २ मार्च १९३० ला डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली इथे अस्पृश्यांच्या मंदिरप्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला. देवळाचे चारही दरवाजे बंद झाले, आणि दादासाहेब गायकवाड आणि बाकीचे सत्याग्रही दारांशी बसून राहिले. त्या वर्षी रामनवमीच्या रथावरून मारामारी झाली. ही लढाई पाच वर्षं रेंगाळली, दार उघडलं नाही, आणि ऑक्टोबर १९३५ मध्ये याच जिल्ह्यातल्या येवल्याला बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केलं. जो गाईड हे दरवाजापाशी उभं राहून सांगतो त्याच्याबरोबर मी पुन्हा जाते. जो खांब मोजून दाखवतो आणि 'चला, पुढे सीतागुंफा' म्हणतो, त्याला पैसे देते, नमस्कार करते आणि नंबर डिलीट करते. एकाला मी विचारलंही होतं. तो म्हणाला, "मॅडम, लोक सुट्टीवर आलेले असतात, मूड जातो." लोकांच्या मूडची एवढी काळजी घेणारा माणूस लग्नकार्यात बरा.

दोन तासांत सगळं होतं का, हा तुमचा पुढचा प्रश्न. नाही होत, आणि करूही नये. दोन्ही काठ एका सकाळी उरकणाऱ्या फेऱ्या असतात. त्यांत कपालेश्वराला नंदी का नाही, सुंदरनारायणाच्या मूर्तीवर मार्चमध्ये ऊन कसं पडतं, गोराराम, सीतागुंफा, सगळं भराभर होतं आणि दुपारपर्यंत सगळ्या देवळांचा एकच काला होतो. एकच काठ निवडायचा असेल तर मी जुन्या नाशकाचा निवडीन आणि शेवटी पूल ओलांडून फक्त नारोशंकर आणि काळाराम करीन. पंचवटीत तुम्ही तसेही जाणारच आहात, आई-बाबा आले की.

वेळेचं एक त्रांगडं आहे. सकाळी सातला निघालात तर गल्ल्या मोकळ्या असतात, उजेड सुरेख असतो, पण तांबट लेन बंद आणि भांडीबाजाराचे शटर खाली. दहानंतर निघालात तर सगळं उघडं असतं, पण एका जागी उभं राहणं मुश्कील. साडेआठ-नऊला निघून नदी आधी आणि बाजार शेवटी असं उलटं करणारा गाईड मिळाला तर उत्तम. पायांत चपला घाला, देवळांत काढाघालायला सोप्या. चिवडा आणि जिलबी शेवटी घ्या, आधी घेतलीत तर पिशवी सांभाळण्यातच अर्धं लक्ष जाईल. आठवड्यातला कुठलाही दिवस चालेल, पण बुधवार टाळा. बुधवारी गंगेवर आठवडे बाजार भरतो, आणि मग तुम्ही कितीही ठरवलंत तरी पुन्हा कामालाच आल्यासारखे मेथीच्या जुड्या निवडत बसाल.