हवाना: गल्लीतला दवाखाना आणि परदेशी गेलेले डॉक्टर

क्यूबाची राजधानी हवाना, तिथल्या वेदादो भागात आम्ही ज्या घरी उतरलो होतो, तिथून दोन चौकांवर कॉन्सुलतोरिओ, म्हणजे वस्तीचा दवाखाना आहे. खाली दवाखाना, वर डॉक्टरांचं बिऱ्हाड. १९८४ मध्ये याच शहरातल्या लॉटन वस्तीत फॅमिली डॉक्टर योजना सुरू झाली, तेव्हा साधारण १२० कुटुंबांमागे एक डॉक्टर आणि एक नर्स असा हिशेब होता. डॉक्टरांनी वस्तीतच राहायचं, म्हणजे रात्री-अपरात्री दार वाजवता येतं. त्याच्या वर पोलिक्लिनिको, तिथे एक्स-रे, रक्ततपासणी, दातांचे डॉक्टर. त्याही वर मोठी रुग्णालयं. कुठेही फी नाही.

आमच्या घरमालकीणबाई निवृत्त शिक्षिका. त्यांना रक्तदाबाचा त्रास आहे. एका दुपारी डॉक्टर स्वतःच घरी आल्या, जेमतेम तिशीच्या. सकाळी दवाखान्यात तपासणी आणि दुपारी घरोघरी फेरी, असा त्यांचा दिनक्रम. आल्या आल्या त्यांनी यंत्र काढलं नाही. जिना चढताना दम लागतो का, मायामीहून मुलाचा फोन येतो का, नळाला पाणी कधी आलं होतं, हे आधी विचारून घेतलं. मग स्वयंपाकघरात डोकावून म्हणाल्या, "मीठ कमी केलंत ना आजी?" आजी हसल्या, उत्तर काही दिलं नाही. रक्तदाबाच्या पट्ट्याची पकड गेली होती, म्हणून डॉक्टरांनी तो बँडेजने दंडाला बांधला आणि हातानं घट्ट धरून ठेवला. आकडे वहीत लिहिले. वस्तीतल्या प्रत्येक माणसाची चार गटांत नोंद असते: निरोगी, धोका असलेले, आजारी आणि आजारातून कायमचं व्यंग राहिलेले. निरोगी माणसालाही वर्षातून एकदा तरी तपासायचंच. मला या सगळ्या व्यवस्थेत हीच गोष्ट सर्वांत मोलाची वाटली. माणूस आजारी पडायच्या आधीपासून त्याला ओळखणारं कुणीतरी तिथे आहे.

१९५९ च्या क्रांतीनंतर देशातल्या सुमारे सहा हजार डॉक्टरांपैकी जवळपास निम्मे देश सोडून गेले होते. त्याच क्यूबाला २०१५ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनं आईकडून बाळाला होणारा एचआयव्ही आणि सिफिलिसचा संसर्ग रोखणारा जगातला पहिला देश म्हणून मान्यता दिली.

पण कोपऱ्यावरच्या औषधाच्या दुकानात मात्र फळ्या रिकाम्या. कायमच्या आजारांसाठी प्रत्येकाकडे एक कार्ड असतं, त्यावर महिन्याच्या गोळ्या मिळायच्या. आता गोळ्या आल्याची बातमी फुटली की पहाटेपासून रांग लागते, आणि मागच्यांना हात हलवत परतावं लागतं. १९६२ पासूनचे अमेरिकेचे निर्बंध, कोविडनंतर आटलेलं पर्यटन, सरकारची स्वतःची चुकलेली आर्थिक धोरणं, सगळंच एकदम अंगावर आलं आहे. २०१८ मध्ये हजार जन्मांमागे चारच बालमृत्यू होते. २०२३ मध्ये ते सातच्या वर गेले. हा आकडा वाचून मला फार वाईट वाटलं. २०२१ च्या आंदोलनांनंतर प्रवाशांनी आणलेल्या औषधांवरचं आयातशुल्क उठलं, म्हणून आम्हीही पुण्याहून एक पिशवी भरून नेली होती. ती कॉन्सुलतोरिओत दिली. नर्सबाईंनी प्रत्येक पाकिटावरची तारीख पाहून नोंद केली.

शहराच्या पूर्वेला समुद्रकाठी तारारा नावाची वस्ती आहे. चेर्नोबिलच्या अणुभट्टीतल्या अपघातानंतर १९९० पासून वीसेक हजार मुलांवर तिथे मोफत उपचार झाले, तेही सोव्हिएत संघ कोसळून क्यूबाच उपाशी होता त्या काळात. पश्चिमेला, जुन्या नौदल अकादमीत, १९९९ पासून गरीब देशांतल्या मुलामुलींसाठी वैद्यकीय महाविद्यालय चालतं. २००५ च्या भूकंपानंतर पाकिस्तानच्या डोंगरांत सुमारे २,४०० क्यूबन डॉक्टर, नर्स आणि सहकारी कडाक्याच्या थंडीत तंबू ठोकून राहिले. २०१४ मध्ये इबोलाच्या साथीत अडीचशेहून जास्त जण पश्चिम आफ्रिकेत गेले. आपल्या सोलापूरचे डॉ. कोटणीस १९३८ मध्ये चीनला गेले, त्यांचं नाव आपण अजून अभिमानानं घेतो. वेदादोत मी ज्या ज्या घरी चहा-कॉफीला गेलो, तिथे कुणी ना कुणी असं जाऊन आलेलं होतं.

याची दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. या डॉक्टरांसाठी यजमान देश जे पैसे देतो, त्यातला मोठा वाटा क्यूबाचं सरकार ठेवून घेतं. २०१८ मध्ये ब्राझीलचे नवनिर्वाचित राष्ट्राध्यक्ष बोल्सोनारो यांनी पूर्ण पगार थेट डॉक्टरांच्या हाती द्यायची अट पुढे केली, तेव्हा क्यूबानं आपले हजारो डॉक्टर परत बोलावले. बरेच जण तिथेच राहिले. माझ्या मते हा पैसा डॉक्टरांचा आहे, आणि त्यातून आरोग्यखात्याला काय द्यायचं हे त्यांना विचारून ठरायला हवं. शिवाय इथली गल्ली रिकामी पडते. आमच्या डॉक्टरांकडे आता शेजारच्या वस्तीचंही काम होतं, कारण तिथले डॉक्टर व्हेनेझुएलाला गेले होते.

निघायच्या आदल्या दिवशी मी त्यांना विचारलं, तुमचं नाव आलं तर जाल का? त्या लगेच म्हणाल्या, "जाईन. इथल्या पगारात फ्रिज दुरुस्त होत नाही. आणि माझी आई ग्वातेमालात होती, तिथल्या एका गावात तिच्याआधी डॉक्टर कधी आलाच नव्हता. तेही मला बघायचंय." मग आजींच्या गोळ्यांची चिठ्ठी लिहून त्या पुढच्या घराकडे वळल्या.